कार्डाच्या बिलात अनोळखी रक्कम दिसली तर काय करायचं

गेल्या वर्षी श्रावणात ऐरोलीच्या नणंदेने रात्री दहा वाजता फोटो पाठवला. क्रेडिट कार्डाच्या बिलातली एक ओळ, पेनाने गोल केलेली. रक्कम १,४९९ रुपये, नाव कुठल्यातरी टेक्नॉलॉजीज प्रायव्हेट लिमिटेडचं, गाव गुरुग्राम. "वहिनी, मी जन्मात गुरुग्रामला गेले नाही. कार्ड ब्लॉक करून टाकू का?" त्यानंतर दोनेक महिन्यांनी ठाण्यातल्या नौपाड्यात आमच्या घरातच तसं झालं. सासऱ्यांच्या कार्डावरून आधी ८७ रुपये आणि पाठोपाठ १८,६४० रुपये गेले, दोन्ही परदेशी नावांवर.

नणंदेच्या प्रकरणात चोरी नव्हती, सासऱ्यांच्या प्रकरणात होती. बिलात मात्र दोन्ही ओळी दिसायला सारख्याच: एक अनोळखी नाव आणि पुढे आकडा. त्या दोन प्रकरणांत मला जे शिकायला मिळालं ते इथे क्रमाने लिहिते आहे. बँकेला फोन लावण्याआधी दोनपैकी कोणतं वाक्य आपल्या बाबतीत खरं आहे ते ठरवा. "हा व्यवहार मी केलेलाच नाही", की "व्यवहार माझाच आहे, पण यात चूक आहे". बँकेत या दोन वाक्यांच्या वाटा पहिल्या मिनिटापासून वेगळ्या होतात. फॉर्म वेगळा, मुदत वेगळी, पुरावा वेगळा. चुकीचं वाक्य बोललात तर तक्रार भलत्याच खात्याकडे जाते आणि परत यायला आठवडे लागतात.

आधी कार्ड थांबवा, पण कायमचं बंद करू नका

नाव ओळखता येत नाही तोवर बँकेच्या अ‍ॅपमध्ये जाऊन कार्ड तात्पुरतं लॉक करा. रिझर्व्ह बँकेच्या २०२० च्या आदेशापासून कार्ड चालू-बंद करण्याची आणि ऑनलाइन, परदेशी, स्पर्शविरहित व्यवहारांची बटणं वेगवेगळी देण्याची सोय बँकांना द्यावी लागते. लॉक करायला अर्धं मिनिट लागतं, उघडायलाही तेवढंच. कायमचं ब्लॉक केलं की नवीन कार्ड, नवीन नंबर, सगळ्या हप्त्यांची नव्याने जोडणी. म्हणून ते चोरी आहे असं पक्कं झाल्यावरच.

एक अपवाद आहे. एकापाठोपाठ मेसेज येत असतील, पैसे तुमच्या डोळ्यांदेखत जात असतील, किंवा न मागितलेले ओटीपी येऊन पडत असतील, तर ओळख पटवत बसू नका. थेट ब्लॉक करा आणि बँकेला फोन करा.

नाव कुणाचं ते कसं शोधायचं

बिलावर दुकानाची पाटी छापून येत नाही, कंपनीचं नोंदणीकृत नाव येतं. डी-मार्टमधून सामान आणलं तरी बिलात अ‍ॅव्हेन्यू सुपरमार्ट्स असू शकतं. झुडिओ किंवा वेस्टसाइडचे कपडे ट्रेंट या नावाने, क्रोमातला मिक्सर इन्फिनिटी रिटेलच्या नावाने, बुक माय शोवरचं नाटकाचं तिकीट बिगट्री एंटरटेनमेंटच्या नावाने, ओलाची रिक्षा एएनआय टेक्नॉलॉजीजच्या नावाने. कंपन्या नावं बदलतातही. स्विगी कित्येक वर्षं बंडल टेक्नॉलॉजीज होती. छोट्या दुकानांच्या बाबतीत तर दुकानाचं नावच येत नाही. रेझरपे, पेयू, सीसीअ‍ॅव्हेन्यू, बिलडेस्क अशा मधल्या कंपन्यांची नावं येतात, कारण पैसे त्यांच्यामार्फत गेलेले असतात. गावाचंही तसंच. गाव कंपनीच्या कार्यालयाचं असतं, तुम्ही उभे होतात त्या दुकानाचं नसतं. राम मारुती रोडवर घेतलेली वस्तू बंगळुरूच्या नावावर दिसली तर त्यात लगेच काळंबेरं नसतं.

तारीखही फसवते. व्यवहाराची तारीख एक आणि तो खात्यावर चढण्याची तारीख दुसरी, मध्ये दोन-तीन दिवस जातात. त्यामुळे बिलातल्या तारखेच्या आधीचे चार दिवस डोळ्यांसमोर आणा. फोनमधल्या मेसेजमध्ये नाव न शोधता नुसता आकडा शोधा, ई-मेलमध्येही तेच. १,४९९ असं टाकलं की पावती बहुतेक वेळा समोर येते. एकदा स्वल्पविरामासह आणि एकदा त्याशिवाय शोधा.

मग घरात विचारा. हे मी मुद्दाम सांगते, कारण संकोचाने आपण ते टाळतो. अ‍ॅड-ऑन कार्ड, म्हणजे तुमच्याच खात्यावरचं जादा कार्ड, मुलीकडे असतं, कार्ड एखाद्या अ‍ॅपमध्ये साठवलेलं असतं, आणि ते अ‍ॅप घरातल्या तिसऱ्याच माणसाच्या फोनवर चालू असतं. नणंदेच्या घरी तसंच निघालं. बारावीतल्या भाच्याने अभ्यासाच्या एका अ‍ॅपची सात दिवसांची मोफत चाचणी घेतली होती, आईचं कार्ड आणि आईचा ओटीपी वापरून. आठव्या दिवशी वर्षाचे पैसे कापले गेले. त्याला आठवतही नव्हतं. त्याला दमात घेऊन विचारलं असतं तर तो कदाचित "मला माहीत नाही" म्हणाला असता आणि माझी नणंद "चोरी झाली" असं बँकेला सांगून मोकळी झाली असती.

अशा आपोआप कापल्या जाणाऱ्या पैशांसाठी कार्डावर ई-मँडेट, म्हणजे तुम्ही एकदा देऊन ठेवलेली परवानगी, असतो. १ ऑक्टोबर २०२१ पासून नियम असा आहे की मँडेट नोंदवताना ओटीपी लागतो आणि प्रत्येक वेळी पैसे कापण्याच्या किमान २४ तास आधी सूचना यावी लागते. बँकेच्या अ‍ॅपमध्ये किंवा नेटबँकिंगमध्ये तुमच्या कार्डावर चालू असलेल्या मँडेटची यादी दिसते. ती यादी बहुतेकांनी एकदाही उघडलेली नसते. फोनवर गुगल प्ले किंवा अ‍ॅपलच्या खात्यात सबस्क्रिप्शनची यादी वेगळी असते, तीही बघा.

फास्टॅगचं एक वेगळं आहे. शिल्लक कमी झाली की कार्डावरून आपोआप भरणा होईल अशी सोय घेतली असेल, तर ऑगस्ट २०२४ पासून या भरण्यासाठी ती २४ तासांची सूचना सक्तीची नाही. उलव्याहून किंवा बेलापूरहून अटल सेतूने रोज मुंबईत जाणाऱ्यांच्या मोटारीला प्रत्येक फेरीला टोल लागतो, शिल्लक झरझर संपते, आणि बिलात महिन्यातून चार वेळा तीच रक्कम बघून माणूस घाबरतो.

आकड्यालाही विचारून बघा

रकमेत विचित्र पैसे असतील तर ती बहुधा बँकेचीच काहीतरी फी असते. अनोळखी आकड्याला १.१८ ने भागा. उत्तर गोल आलं तर १८ टक्के जीएसटी धरून लावलेलं शुल्क असण्याची शक्यता मोठी. ५९० म्हणजे ५०० ची वार्षिक फी, ५८८.८२ म्हणजे ४९९ ची.

पेट्रोलपंपावर २,००० रुपयांचं पेट्रोल भरलं आणि बिलात २,०२३.६० आलं तर १ टक्का अधिभार आणि त्यावरचा जीएसटी लागला आहे. तुमच्या कार्डावर अधिभार माफ असेल तर पुढे २० रुपये परत आलेले दिसतात, जीएसटी बहुधा परत येत नाही. परदेशी चलनातल्या खरेदीवर अनेक कार्डांना ३.५ टक्क्यांपर्यंत जास्तीचं शुल्क आणि वर जीएसटी लागतो. १,००० रुपयांच्या खरेदीमागे ३५ रुपये आणि ६.३० रुपये अशा दोन सुट्या ओळी येतात, कधी तर चार दिवसांनी. हप्त्यावर वस्तू घेतली असेल तर "विनाव्याज" म्हटलेल्या हप्त्यातही व्याजावरचा जीएसटी दिसतो.

बँकेने लावलेलं शुल्कच चुकीचं वाटत असेल, उदाहरणार्थ फोनवर कुणीतरी "सर, कार्ड सुरक्षा योजना चालू करते" म्हटलं आणि तुम्ही नुसतं हं-हं केलंत, तर तेही सोडू नका. रिझर्व्ह बँकेच्या २१ एप्रिल २०२२ च्या कार्डविषयक निर्देशांनी अशा विम्यासाठी ग्राहकाची स्पष्ट संमती बंधनकारक केली. संमतीची नोंद दाखवा, असं बँकेला लेखी विचारा. माझ्या पाहण्यातल्या तीनही प्रकरणांत या एका प्रश्नावर पैसे परत आले.

चोरीची खूण मात्र वेगळी असते. आधी ५०, ८७, १०० अशी बारीक रक्कम, मग काही मिनिटांत किंवा दुसऱ्या दिवशी मोठी. पहिली रक्कम कार्ड चालू आहे का हे तपासण्यासाठी असते. त्यामुळे "जाऊ दे, ८७ रुपयेच तर आहेत" असं म्हणू नका. सासरे तसंच म्हणाले होते. मोठी रक्कम अनेकदा परदेशी साइटवर जाते, कारण तिथल्या बऱ्याच साइट ओटीपी मागत नाहीत. सासऱ्यांनी दुबईच्या नातीकडे जाताना परदेशी व्यवहारांचं बटण चालू केलं होतं आणि परत आल्यावर बंद करायचं राहून गेलं होतं.

घड्याळ केव्हा सुरू होतं

घरात विचारलं, आकडा शोधला, मँडेट बघितले, तरी ओळख पटली नाही, तर त्याच दिवशी बँकेला कळवा. "सोमवारी शाखेत जाऊन विचारतो" हे वाक्य महागात पडतं. रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकाने ग्राहकाची जबाबदारी दिवसांवर ठरवून दिली. चूक ना तुमची ना बँकेची, मधल्या कुठूनतरी माहिती फुटली, अशा प्रकरणात बँकेचा मेसेज मिळाल्यापासून कामकाजाच्या ३ दिवसांत कळवलं तर तुमची जबाबदारी शून्य. ४ ते ७ दिवसांत कळवलं तर ठरावीक मर्यादेपर्यंत नुकसान तुमचं: बहुतेक बचत खाती आणि ५ लाखांपर्यंत मर्यादा असलेली क्रेडिट कार्डं यांना १०,००० रुपये, त्याहून मोठ्या मर्यादेच्या कार्डांना २५,००० रुपये, किंवा व्यवहाराची रक्कम, यांतलं जे कमी असेल ते. ७ दिवसांनंतर तुमच्या बँकेच्या धोरणात लिहिलं असेल तसं. हे धोरण बँकेच्या संकेतस्थळावर ठेवावं लागतं, ते एकदा वाचा. बँकेच्याच चुकीने पैसे गेले असतील तर तुम्ही केव्हा कळवलं याला महत्त्व नाही, जबाबदारी शून्यच.

दिवस मोजताना मेसेज आला तो दिवस धरायचा नाही, आणि तुमच्या शाखेचे कामकाजाचे दिवस धरायचे. दुसरा आणि चौथा शनिवार बँकांना सुट्टी असते. सासऱ्यांना मेसेज गुरुवारी रात्री साडेअकराला आला होता. त्यांनी शनिवारी संध्याकाळी तो वाचला आणि "तीन दिवस गेले, आता काय मिळतंय" म्हणून बसून राहिले. प्रत्यक्षात शुक्रवार हा पहिला दिवस होता. शनिवार महिन्यातला दुसरा, म्हणजे सुट्टीचा. रविवार सुट्टीचा. सोमवार दुसरा दिवस, मंगळवार तिसरा. आम्ही शनिवारी रात्रीच फोन केला. तक्रार नोंदवण्याची सोय बँकेला चोवीस तास ठेवावी लागते, सुट्टीची वाट बघायचं कारणच नाही.

ओटीपी किंवा पिन स्वतःहून कुणाला सांगितला गेला असेल तर नियम कडक आहे. कळवेपर्यंतचं सगळं नुकसान ग्राहकाचं, कळवल्यानंतरचं बँकेचं. म्हणून अशा वेळी लाजेने गप्प बसणं सगळ्यात वाईट. फसवणारे दिवसभर हाच धंदा करतात, शिकलेसवरलेलेही फसतात. आईवडिलांच्या बाबतीत असं झालं तर त्यांना रागावू नका, कारण पुढच्या वेळी ते तुम्हाला सांगणारच नाहीत. आणि बँकेशी खोटंही बोलू नका. ओटीपी कोणत्या नंबरवर गेला आणि केव्हा वापरला गेला याची नोंद त्यांच्याकडे असते.

बँकेला फोन: काय बोलायचं, काय विचारायचं

नंबर कार्डाच्या मागे छापलेलाच घ्या. इंटरनेटवर बँकेचा कस्टमर केअर नंबर शोधू नका, तिथे खोटे नंबर पेरलेले असतात आणि घाबरलेला माणूस नेमका तिथेच अडकतो. संकेतस्थळ उघडायचं असेल तर पत्त्याचा शेवट डॉट बँक डॉट इन असा आहे का ते पाहा. रिझर्व्ह बँकेने सगळ्या बँकांना ३१ ऑक्टोबर २०२५ पर्यंत त्या पत्त्यावर जायला सांगितलं होतं.

पहिलं वाक्य स्पष्ट असू द्या: "अमुक तारखेचा, अमुक रकमेचा व्यवहार मी केलेला नाही, मी कुणालाही ओटीपी दिलेला नाही. फसवणुकीचा व्यवहार म्हणून तक्रार नोंदवा आणि कार्ड ब्लॉक करा." मग हातात वही घेऊन विचारा. व्यवहाराची नेमकी वेळ काय? कार्ड घासलं, टेकवलं की ऑनलाइन वापरलं? ओटीपी लागला होता का? व्यापाऱ्याचा चार आकडी वर्ग-क्रमांक कोणता? हा वर्ग-क्रमांक फार कामाचा असतो: ५४११ म्हणजे किराणा, ५५४१ म्हणजे पेट्रोलपंप, ५८१२ म्हणजे हॉटेल. नाव कळलं नाही तरी धंदा कळला की कधीकधी आठवतं, "अरे, तो शिळफाट्याचा धाबा!" शेवटी तक्रार क्रमांक घ्या आणि तो मेसेजने आल्याशिवाय फोन ठेवू नका. बोलणाऱ्या माणसाचं नाव आणि वेळ लिहून ठेवा.

टेकवून केलेला व्यवहार असेल तर तो पिनशिवायही होतो, ५,००० रुपयांपर्यंत. तेव्हा "पिन तुमच्याशिवाय कुणाला माहीत होता?" हा प्रश्न तिथे लागू पडत नाही. समोरच्याने तो विचारला तर तसं सांगा.

फोन झाला की त्याच रात्री ई-मेल. फोनवरचं बोलणं त्यांच्याकडे रेकॉर्ड होतं, तुमच्याकडे काहीच नसतं. आम्ही पाठवलेला मजकूर साधारण असा होता:

"माझ्या क्रेडिट कार्डावर (शेवटचे चार आकडे अमुक) अमुक तारखेला ८७ रुपये आणि १८,६४० रुपये असे दोन व्यवहार झाले आहेत. हे व्यवहार मी किंवा माझ्या परवानगीने कुणीही केलेले नाहीत. कार्ड माझ्याजवळच आहे. मी ओटीपी, पिन किंवा कार्डाची माहिती कुणालाही दिलेली नाही. व्यवहाराच्या वेळी मी ठाण्यात घरी होतो. आज रात्री ९.४० वाजता फोनवर तक्रार नोंदवली आहे, क्रमांक अमुक. रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकानुसार रक्कम तात्पुरती जमा करावी आणि वाद मिटेपर्यंत तिच्यावर व्याज किंवा दंड आकारू नये. मेसेजचे स्क्रीनशॉट सोबत जोडले आहेत."

कार्डाचा पूर्ण नंबर, मागचा तीन आकडी क्रमांक, पिन यांतलं काहीही मेलमध्ये लिहायचं नाही. बँकेचा वादाचा फॉर्म वेगळा असतो, तो मागून घ्या आणि सही करून पाठवा. त्यात कारणांच्या चौकटी असतात, आणि तिथे मघाचं वाक्य पुन्हा उपयोगी पडतं. फसवणुकीवर खूण केली असेल तर "माल मिळाला नाही" यावर करू नका. दोन्हीकडे खूण केली की माल मागवल्याचं तुम्हीच कबूल केलंत असा अर्थ निघतो.

व्यवहार माझाच, पण चूक आहे

इथे वाट वेगळी. दोनदा पैसे कापले गेले, वस्तू आलीच नाही, परत केलेल्या वस्तूचे पैसे आले नाहीत, रद्द केलेलं सबस्क्रिप्शन चालूच राहिलं. आधी व्यापाऱ्याला लेखी विचारा आणि उत्तराला आठवडाभर द्या. परतावा पाठवला असं तो म्हणाला तर त्याच्याकडून एआरएन हा २३ आकडी क्रमांक मागा. तो क्रमांक घेऊन बँकेला विचारलं की पैसे कुठे अडकले ते कळतं. क्रमांक देता आला नाही तर परतावा बहुधा निघालेलाच नसतो.

नणंदेने अ‍ॅपवाल्यांना मेल केला: सबस्क्रिप्शन अल्पवयीन मुलाने घेतलं, एकदाही वापरलेलं नाही, रद्द करून पैसे परत करा. तिला १,४९९ परत मिळाले. नाही मिळाले असते तर बँकेकडे वाद नोंदवून चार्जबॅक मागता आला असता. त्यात तुमची बँक व्हिसा, मास्टरकार्ड किंवा रुपेच्या व्यवस्थेतून व्यापाऱ्याच्या बँकेकडे पैसे परत मागते, आणि व्यापाऱ्याला पुराव्यासह उत्तर द्यायची संधी मिळते. व्हिसा आणि मास्टरकार्डच्या नियमांत याला बहुतेक कारणांसाठी १२० दिवसांची मुदत असते, पण बँकेला फॉर्म बराच आधी हवा असतो. व्यापाऱ्याच्या "बघतो, करतो"मध्ये महिने घालवू नका. ऑर्डरचा मेल, रद्द केल्याचा स्क्रीनशॉट, कुरिअरची स्थिती, चॅटची पानं जोडा. नुसती व्यथा लिहून पाठवलीत तर हराल.

एटीएममधून पैसे न येता खात्यातून कापले गेले, किंवा दुकानात मशीनवर "फेल" आलं आणि तरी पैसे गेले, याला सप्टेंबर २०१९ चा स्वतंत्र नियम आहे. पाच दिवसांत पैसे आपोआप परत यायला हवेत, त्यापुढे दर दिवसाला १०० रुपये भरपाई. ही भरपाई मागावी लागू नये असं नियम म्हणतो. तरी मागा.

बिल भरायचं की नाही

यावरूनच घरोघरी वाद होतो, म्हणून जरा थांबून सांगते. सासऱ्यांचं बिल २४,३०० रुपयांचं होतं, त्यातले १८,७२७ वादातले. फसवणूक म्हणून नोंदवलेल्या व्यवहारावर वाद मिटेपर्यंत शुल्क लावता येत नाही, असं २०२२ च्या त्या कार्डविषयक निर्देशांनी ठरवलं. आम्ही उरलेले ५,५७३ रुपये मुदतीआधी पूर्ण भरले आणि वादातली रक्कम बाजूला काढून ठेवल्याचं बँकेकडून मेलवर लिहून घेतलं. ते लिहून मिळेपर्यंत रोज पाठपुरावा केला. पूर्ण बिल अडवून धरणं ही मोठी चूक. तुमच्या खऱ्या खरेदीवर व्याज चढतं आणि सिबिलवर, म्हणजे कर्जफेडीच्या नोंदीवर, डाग पडतो. वाद चालू असलेल्या कार्डाची थकबाकी सिबिलसारख्या कंपन्यांना कळवताना विशेष काळजी घ्या असं निर्देशांनी बँकांना बजावलं आहे, तरीही चुका होतात. दोन महिन्यांनी आपला अहवाल काढून बघा.

व्यापाऱ्याशी वाद असेल तर माझं मत निराळं आहे. शुल्क न लावण्याचं ते संरक्षण फसवणुकीच्या वादासाठी आहे. वाद हरलात तर खरेदीच्या तारखेपासून व्याज लागू शकतं, आणि अनेक कार्डांचं व्याज महिन्याला साडेतीन टक्क्यांच्या आसपास, म्हणजे वर्षाला ४० टक्क्यांहून जास्त असतं. परवडत असेल तर अशी रक्कम भरून टाका आणि मग भांडा. जिंकलात तर ती परत येतेच.

फसवणुकीच्या तक्रारीत कळवल्यापासून कामकाजाच्या १० दिवसांत बँकेने रक्कम तात्पुरती जमा करायची असते आणि ९० दिवसांत निकाल लावायचा असतो. ग्राहकाची चूक होती हे सिद्ध करण्याची जबाबदारी बँकेवर आहे, आपण निर्दोष आहोत हे तुम्हाला सिद्ध करायचं नसतं. पण तात्पुरते जमा झालेले पैसे आले म्हणून खर्च करू नका. चौकशीत उलट निघालं तर ते परत घेतले जातात.

पोलीस, रिझर्व्ह बँक आणि पुढचं

चोरी असेल तर बँकेच्या फोनपाठोपाठ १९३० ला फोन करा किंवा सायबरक्राइम डॉट जीओव्ही डॉट इन वर तक्रार भरा. पैसे एखाद्या खात्यात पडून असतील तर ते तिथेच गोठवता येतात, म्हणून इथे तास मोजायचे असतात. मिळालेला पोचक्रमांक बँकेच्या मेलमध्ये जोडा. पोलीस ठाण्यात जायची वेळ आली तर हद्दीचा गोंधळ आपल्याकडे नेहमीचा. कोपरी ठाणे आयुक्तालयात, वाशी आणि ऐरोली नवी मुंबई आयुक्तालयात. खारघर, कामोठे, कळंबोली जिल्ह्याने रायगडात, पण पोलीस आयुक्तालय नवी मुंबईचंच. "आमच्या हद्दीत येत नाही" असं ऐकावं लागलं तर शांतपणे झीरो एफआयआर, म्हणजे हद्द न बघता घेतली जाणारी फिर्याद, नोंदवायला सांगा. १ जुलै २०२४ ला लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३ मध्ये ती सोय आहे.

बँकेने ३० दिवसांत उत्तर दिलं नाही किंवा उत्तर पटलं नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाता येतं. मधल्या काळात बँकेच्या नोडल अधिकाऱ्याला, म्हणजे तक्रारी बघणाऱ्या वरच्या अधिकाऱ्याला, एक मेल अवश्य करा, त्याचा पत्ता संकेतस्थळावर असतो. लोकपालाची तक्रार सीएमएस डॉट आरबीआय डॉट ओआरजी डॉट इन वर भरायची, फी नाही, वकील लागत नाही. १४४४८ वर माहिती मिळते. बेलापूरला रिझर्व्ह बँकेचं कार्यालय आहे म्हणून तिथे फाइल घेऊन जाण्याची गरज नाही, सगळं ऑनलाइन होतं. तारखांचा तक्ता आणि बँकेला केलेल्या पहिल्या तक्रारीची प्रत जोडा. बँकेकडे आधी लेखी तक्रार केलेली नसेल तर लोकपाल ती घेत नाही, म्हणून तर पहिल्या रात्रीचा तो ई-मेल. लोकपालाच्या पलीकडे जिल्हा ग्राहक आयोग आहे, आणि तक्रार तुम्ही राहता त्या जिल्ह्यात करता येते.

सासऱ्यांचे पैसे नवव्या कामकाजाच्या दिवशी तात्पुरते जमा झाले आणि साधारण दोन महिन्यांनी ते कायम केल्याचं पत्र आलं. त्याआधी बँकेने "कार्ड तुमच्याजवळ होतं, मग माहिती तुम्हीच दिली असणार" असं एकदा कळवलं होतं. आम्ही उत्तरात एवढंच विचारलं की ओटीपी वापरला गेल्याची नोंद दाखवा. ती नव्हती.

नवीन कार्ड आलं त्या दिवशी आम्ही जेवणाच्या टेबलावर बसून जुन्या कार्डावरच्या मँडेटची यादी उघडली. महावितरण, महानगर गॅस, विम्याचा हप्ता, फास्टॅग. एकेक नव्या कार्डाला जोडलं, कारण हे राहिलं तर वीजबिल चुकतं आणि कळतं ते दंडासह. दोन सबस्क्रिप्शनं नको होती, ती त्यांच्याच साइटवर जाऊन रद्द केली. जुनं कार्ड मेलं म्हणून ती आपोआप थांबतील असं धरून चालू नका. परदेशी व्यवहारांचं बटण बंद केलं, ऑनलाइन खर्चाची मर्यादा ५,००० वर आणली, आणि मेसेज जाण्याच्या नंबरांत माझा नंबर अ‍ॅड-ऑन म्हणून जोडता येतो का ते विचारलं. त्या बँकेत येत नव्हता. म्हणून आता सासरे रोज रात्री जेवणानंतर बँकेचे मेसेज मोठ्याने वाचून दाखवतात.